अलिबागला नको असलेला दगड

भिवंडीहून वज्रेश्वरीच्या रस्त्याला लागलं की तानसा नदीच्या काठची गरम पाण्याची कुंडं येतात. वज्रेश्वरी, अकलोली, गणेशपुरी ही तिन्ही गावं भिवंडी तालुक्यातलीच. कुंडाच्या पायरीवर बसलेल्यांना पाणी गरम का, असं विचारलं तर दोन उत्तरं मिळतात. म्हातारी माणसं सांगतात, देवीनं मारलेल्या राक्षसांचं हे रक्त. शिकलेली माणसं सांगतात, खाली गंधक आहे, त्यानं पाणी तापतं. दुसरं उत्तर शास्त्रीय वाटतं, म्हणून जास्त फसवतं. पाण्याला गंधकाचा वास येत असेल, पण तापवण्याचं काम गंधकाचं नाही. खाली ज्वालामुखीही धुमसत नाही. पावसाचं पाणी कातळातल्या भेगांतून खूप खोल उतरतं, जमिनीच्या पोटातल्या नेहमीच्या उष्णतेनं तापतं आणि दुसऱ्या वाटेनं वर येतं. अशी उष्णता सगळीकडेच असते. तेव्हा विचारायचं ते हे, की इतक्या खोल भेगा इथंच का?

आणि फक्त इथंच नाहीत. पालघरकडचं कोकनेर आणि सातिवली, पालीजवळचं उन्हेरे, महाडजवळचं सव, दापोलीतलं उन्हवरे, संगमेश्वराकडची आरवली, तुरळ आणि राजवाडी, शेवटी राजापूर. नकाशावर टिंबं मांडली तर किनाऱ्याला समांतर एक ओळ उमटते. गावांच्या नावातसुद्धा ऊन पाणी मुरलेलं आहे. ही ओळ म्हणजे एका जुन्या तुटीची शिवण आहे. सुमारे ६.३ कोटी वर्षांपूर्वी या किनाऱ्याला लागून असलेली जमीन तुटली आणि आपल्यापासून दूर राहिली. तिचा उघडा राहिलेला तुकडा आज सेशेल्स बेटं म्हणून ओळखला जातो, भिवंडीपासून साधारण सव्वातीन हजार किलोमीटरवर. परशुरामाच्या कथेत समुद्र मागे हटतो आणि कोकण वर येतं. खडकांच्या कथेत उलट घडतं: जमीन सरकते आणि समुद्र आत शिरतो.

सव्वातीन हजार किलोमीटरना ६.३ कोटी वर्षांनी भागलं तर वर्षाला पाच सेंटिमीटरच्या आसपास येतात. बोटांची नखं वाढतात त्याहून थोडा जास्त वेग. अर्थात हा सरासरीचा हिशेब झाला. आशियाशी टक्कर होण्याआधी भारताचा वेग याहून कितीतरी जास्त होता. पण आज हा भागाकार शाळकरी मुलगा करतो, आणि शंभर वर्षांपूर्वी त्यातली मूळ कल्पना मांडणाऱ्याला विद्वानांनी वेड्यात काढलं होतं. या हकिगतीचा जो अर्थ नेहमी लावला जातो, तो मला पटत नाही.

पाठ्यपुस्तकात ती एका वाक्यात उरकलेली असते. आल्फ्रेड वेगेनर या जर्मन हवामानशास्त्रज्ञानं १९१२ मध्ये खंड सरकतात असं सांगितलं, १९१५ मध्ये पुस्तक लिहिलं, पण खंडांना ढकलणारं बळ कोणतं हे त्याला सांगता आलं नाही, म्हणून शास्त्रानं त्याला नाकारलं. पुढे बळ सापडलं आणि तो बरोबर ठरला. वाक्य सुटसुटीत आहे, पण त्याचा दुसरा भाग इतिहासाला धरून नाही. १९६० च्या दशकाच्या अखेरीस जगानं खंडांचं सरकणं मान्य केलं, तेव्हाही बळाचा प्रश्न सुटलेला नव्हता. पृथ्वीच्या कवचाच्या सरकत्या तुकड्याची, म्हणजे भूपट्टाची, बुडणारी कडा त्याला किती ओढते, खालच्या प्रावरणातला प्रवाह त्याला किती वाहून नेतो, याचे वाद आजही चालू आहेत. ज्या कारणासाठी वेगेनरला बाहेर ठेवलं, ते कारण शिल्लक असतानाच त्याच्या वारसांना आत घेतलं गेलं. मग अडलं होतं कुठं?

विरोधक मूर्ख नव्हते, हे आधी मान्य करायला हवं. वेगेनरनं सुचवलेली बळं, भरती-ओहोटीची ओढ आणि ध्रुवांपासून विषुववृत्ताकडे ढकलणारा जोर, खंड हलवायला अगदीच अपुरी आहेत, हे हॅरोल्ड जेफ्रीज या इंग्रज गणितज्ञानं आकडेमोड करून दाखवलं आणि ते बरोबरच होतं. ग्रीनलंड वर्षाला कित्येक मीटर सरकतं, असंही वेगेनर म्हणत असे. खरा वेग सेंटिमीटरमध्ये मोजायचा आहे. इतका चुकीचा आकडा छातीठोकपणे सांगणाऱ्याकडे भल्या माणसानं संशयानं पाहिलं तर त्यात नवल नाही.

पण संशयाचं माप दोन्ही बाजूंना सारखं होतं का? चंद्रपूरच्या कोळशाच्या पट्ट्यात आणि नागपूरजवळच्या कामठीच्या वालुकाश्मात ग्लोसोप्टेरिस नावाच्या नामशेष झाडाची पानं दगडात उमटलेली सापडतात. तीच पानं दक्षिण आफ्रिकेत, ऑस्ट्रेलियात आणि अंटार्क्टिकात सापडतात. या खडकांना गोंडांच्या मुलखावरून गोंडवन हे नाव पडलं आणि एडवर्ड झ्यूस या ऑस्ट्रियन भूशास्त्रज्ञानं ते एका अख्ख्या दक्षिण महाखंडाला दिलं. पानं समुद्र ओलांडून गेली कशी, याचं उत्तर विरोधकांनाही द्यावं लागत होतंच. त्यांचं उत्तर असं, की मध्ये जमिनीचे पूल होते आणि ते नंतर बुडाले. वेगेनरवर तुटून पडलेल्या चार्ल्स शुकर्ट आणि बेली विलिस या दोघा अमेरिकनांनी १९३२ मध्ये असेच अरुंद पूल महासागरांवर बांधून दाखवले, कागदावर. ते वर कोणत्या बळानं आले आणि कोणत्या बळानं बुडाले, हे त्यांना कुणी दरडावून विचारलं नाही.

गंमत अशी, की जमीन बुडू शकत नाही याचा पुरावा तोवर ऐंशी वर्षं जुना झाला होता आणि तो हिंदुस्थानच्याच मोजणीतून आला होता. जॉर्ज एव्हरेस्टच्या सर्वेक्षणात कलियाना आणि कल्याणपूर या दोन ठिकाणांमधलं अंतर त्रिकोणमापनानं एक आणि ताऱ्यांवरून दुसरं येत होतं. फरक पाच सेकंदांच्या कोनाचा. हिमालय ओळंबा आपल्याकडे ओढतो म्हणून असं होत असेल, या अंदाजानं कलकत्त्याचे पाद्री जॉन प्रॅट यांनी १८५५ मध्ये हिशेब केला, तर फरक जवळजवळ पंधरा-सोळा सेकंद यायला हवा होता. एवढा मोठा हिमालय ओळंबा ओढण्यात इतका दुबळा कसा? कारण डोंगराखाली हलक्या खडकाचं मूळ खोलवर गेलेलं असतं, असं जॉर्ज एअरीनं त्याच वर्षी सुचवलं. खंड हलके आहेत आणि जड थरावर तरंगतात. लाकडाचा ओंडका पाण्यात बुडत नाही, तसा खंडही समुद्रतळात बुडून नाहीसा होऊ शकत नाही. आडवं सरकणं मात्र त्याला अशक्य नाही. वेगेनरनं हा मुद्दा स्वच्छ मांडला होता. तरी बुडालेले पूल भूगर्भशास्त्राच्या वर्गात उजळ माथ्यानं वावरत राहिले, कारण ते जुने होते आणि वर्गातल्याच माणसांचे होते.

अडचण वेगेनरच्या पुराव्याच्या जातीत होती. पानं, जीवाश्म, हिमनद्यांनी ओरखडलेले दगड, किनाऱ्यांचे जुळणारे आकार: हा सगळा रानावनात हिंडणाऱ्यांचा पुरावा, आणि बराचसा दक्षिण गोलार्धातला. दक्षिण आफ्रिकेत अलेक्झांडर दू त्वा आणि आपल्याकडे वनस्पतिशास्त्रज्ञ बिरबल साहनी यांना त्याचं वजन कळत होतं, कारण तो दगड त्यांच्या हातात होता. न्यूयॉर्क आणि केंब्रिजमध्ये त्याला ऐकीव हकिगतीची किंमत होती. तिथं आकडा हवा होता.

आकडा आपल्या काळ्या कातळात होता. त्याची हकिगत सुरू होते मुंबईच्या ट्रामपासून. कुलाब्याच्या वेधशाळेत १८४१ पासून पृथ्वीच्या चुंबकत्वाची नियमित मोजणी चालू होती. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला घोड्यांच्या ट्राम जाऊन विजेच्या येणार असं ठरलं, आणि विजेच्या प्रवाहानं सुया बहकतील म्हणून वेधशाळेचे प्रमुख नानाभॉय मूस यांनी १९०४ मध्ये चुंबकीय मोजणीचं बिऱ्हाड अलिबागला हलवलं. तिथं इमारत बांधायला दगड आणला पोरबंदरचा. दाराबाहेर फुकट मिळणारा कोकणचा काळा पाषाण नको होता, कारण तो स्वतःच चुंबकीय आहे. सुईनं पृथ्वीचं ऐकायचं सोडून भिंतीचं ऐकलं असतं.

ज्या गुणापायी हा दगड वेधशाळेतून हद्दपार झाला, तोच गुण पुढे साक्षीला आला. लाव्हा थंड होत असताना त्यातले लोहयुक्त कण त्या वेळच्या चुंबकीय क्षेत्राची दिशा धरून तसेच थिजतात. विषुववृत्तावर चुंबकसुई आडवी राहते, ध्रुवाकडे जावं तशी ती झुकत जाते. उत्तर गोलार्धात तिचं उत्तर टोक खाली जातं, दक्षिण गोलार्धात वर उचललं जातं. त्यामुळे थिजलेल्या कणांचा कल मोजला, की तो लाव्हा कोणत्या अक्षांशावर थंड झाला ते कळतं. आज आपल्या भागात सुई साधारण पंचवीस अंश खाली झुकते. सह्याद्रीच्या माथ्याकडच्या थरांमधले कण मात्र उत्तर टोक आकाशाकडे करून, चाळीस-पन्नास अंशांचा कल घेऊन बसले आहेत, आणि तेही वायव्येकडे तोंड करून. खालच्या थरांत हीच दिशा बरोबर उलटी आहे, कारण तेव्हा पृथ्वीचं चुंबकीय क्षेत्रच उलटं होतं. अर्थ एवढाच निघतो, की हा कातळ विषुववृत्ताच्या दक्षिणेला, तिसाव्या अक्षांशाच्या आसपास थंड झाला आणि वर येताना डावीकडे वळलाही. ज्या जात्यावर आपल्या आज्यांनी दळण दळलं, त्याचा दगड जन्मानं दक्षिणेतला, विषुववृत्तापलीकडचा.

दख्खनचे मोजके नमुने मागवून हा हिशेब पहिल्यांदा केला तो एडवर्ड आर्व्हिंग या केंब्रिजच्या विद्यार्थ्यानं, १९५० च्या दशकाच्या सुरुवातीला. भारत सुमारे सहा हजार किलोमीटर उत्तरेला आला आणि तीसेक अंशांनी फिरला, असं त्याचं उत्तर होतं. १९५४ मध्ये त्याचा पीएचडीचा प्रबंध नामंजूर झाला. पुढे त्याच विद्यापीठानं त्याला मोठी पदवी दिली, पण ती अकरा वर्षांनी, सगळं सिद्ध होत आल्यावर. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत सी. राधाकृष्णमूर्ती आणि पी. डब्ल्यू. सहस्रबुद्धे यांनी अर्न्स्ट डॉइच यांच्याबरोबर दख्खनच्या कातळाचं चुंबकत्व कसोशीनं तपासलं, १९५९ मध्ये निबंध छापला, आणि पुढेही वर्षानुवर्षं हे काम चालू ठेवलं. वेगेनरचं नाव आपल्या मुलांना पाठ असतं. सहस्रबुद्ध्यांचं नाव किती भूगोल-शिक्षकांना ठाऊक आहे, कुणास ठाऊक. अरबी समुद्राकडे तोंड करून बसलेल्या एका प्रयोगशाळेत, सह्याद्रीचा दगड हातात घेऊन, त्या शतकातल्या सर्वांत मोठ्या वैज्ञानिक वादाचा एक साक्षीपुरावा तयार होत होता, आणि आपल्या विज्ञानाच्या गोष्टीत त्याला दोन ओळीही नाहीत.

एवढं असूनही जमिनीवरच्या दगडानं निकाल लागला नाही. एका खंडाच्या नमुन्यांवर किती विसंबायचं, क्षेत्र तेव्हा आजच्यासारखंच होतं कशावरून, अशा शंका होत्या, आणि त्या अगदीच गैर नव्हत्या. निकाल लागला समुद्रात, आपल्या नैऋत्येला दोन हजार किलोमीटरवर.

अरबी समुद्राच्या मध्यावर पाण्याखाली एक लांबलचक डोंगररांग आहे. तिचं नाव कार्ल्सबर्ग. १९२८ ते ३० मध्ये जगप्रदक्षिणा करणाऱ्या ‘डाना’ या डॅनिश जहाजानं ते ठेवलं, आणि मोहिमेला पैसा त्याच नावाच्या बिअर कंपनीच्या प्रतिष्ठानाचा होता. (आपल्या समुद्रातल्या सर्वांत मोठ्या डोंगराला बिअरचं नाव आहे, हे गोव्यात सांगितलं तर कुणी फारसं मनावर घेणार नाही.) १९३३-३४ मध्ये ‘मबाहिस’ हे इजिप्तचं छोटं जहाज सेमूर सेवेल यांच्या नेतृत्वाखाली याच पाण्यात फिरलं. सेवेल त्याआधी भारतीय प्राणिसर्वेक्षण विभागाचे संचालक होते. प्रतिध्वनीनं खोली मोजताना त्यांना दिसलं, की या रांगेच्या माथ्यात लांबलचक घळ आहे. १९३७ मध्ये वाइझमन आणि सेवेल यांनी अरबी समुद्राच्या तळावरच्या लेखात या घळीची तुलना पूर्व आफ्रिकेतल्या खचदरीशी केली. म्हणजे पृथ्वीचं कवच जिथं उसवतं, ती शिवण डोळ्यांसमोर होती, छापलीही गेली होती. पण कवच उसवतं, असं मानायची तयारी नसलेल्यांना ती नुसती घळ दिसली. अटलांटिकमधली तशीच घळ मारी थार्प या नकाशाकार बाईंनी १९५० च्या दशकाच्या सुरुवातीला शोधली, तेव्हा त्यांच्या सहकाऱ्यानंही आधी ती बायकी बडबड म्हणून उडवून लावली.

मग आली आंतरराष्ट्रीय हिंदी महासागर मोहीम. १९६० च्या दशकाच्या पहिल्या निम्म्यात अनेक देशांची चाळीसेक जहाजं या समुद्रात उतरली. त्यातलं ‘ओवेन’ हे ब्रिटिश नौदलाचं जहाज १९६२ च्या अखेरीस कार्ल्सबर्ग रांगेवरून चुंबकमापक ओढत फिरलं. ड्रमंड मॅथ्यूज मोजणी घेऊन केंब्रिजला परतले आणि त्यांचा चोवीस वर्षांचा विद्यार्थी फ्रेड व्हाइन ती संगणकावर घेऊन बसला. तळावर चुंबकत्वाचे पट्टे होते, एक सुलटा, एक उलटा. ७ सप्टेंबर १९६३ च्या ‘नेचर’मध्ये दोघांनी लिहिलं, की रांगेच्या मध्यातून लाव्हा वर येतो, थिजतो, दोन्हीकडे सरकतो, आणि पृथ्वीचं क्षेत्र उलटलं की पुढचा पट्टा उलटा उमटतो.

भिवंडीकराला हे समजायला वेळ लागू नये. यंत्रमागावर पट्टेदार कापड विणलं जातं, तेव्हा बाण्याचा रंग बदलत जातो आणि विणलेलं कापड रोलरवर गुंडाळलं जातं. असा माग कल्पा, ज्याच्या मध्यातून कापड एकाच वेळी दोन्ही बाजूंना निघतं. डावीकडचे पट्टे उजवीकडच्या पट्ट्यांशी ओळीनं जुळणारच. इथं रंग बदलायला ठरावीक नेम नसतो, कधी पट्टा अरुंद, कधी रुंद. म्हणूनच एखादा तुकडा हाती आला तरी तो ठाणातला कुठला हे ओळखता येतं. शास्त्रज्ञांनी या पट्ट्यांना मध्यापासून क्रमांक दिले आहेत. सह्याद्रीतला बहुतेक लाव्हा २९ क्रमांकाच्या उलट्या काळात ओतला गेला. कार्ल्सबर्गच्या मागावर विणलेल्या तळाचा सर्वांत जुना पट्टा २८ क्रमांकाचा आहे. घाटात जिथं विणकाम थांबतं, त्याच्या थोडं पुढे समुद्रात सुरू होतं.

हा पुरावा लगेच पटला नाही. कॅनडाच्या लॉरेन्स मॉर्ली यांनी हाच विचार त्याच वर्षी दोन नियतकालिकांना पाठवला आणि दोन्हीकडून परत आला. पण तीन-चार वर्षांत पॅसिफिकचे पट्टे इतके आरशासारखे जुळले, की वाद जवळजवळ संपला. जो संशय पन्नास वर्षं पानांनी आणि दगडांनी हलला नव्हता, तो आकड्यांनी तीन-चार वर्षांत विरघळला. मला यात विज्ञानाचा विजय दिसतो, आणि थोडी शरमही. आकडे मिळाले कारण जहाजं होती, जहाजं होती कारण दोन महायुद्धांनी पाणबुड्या शोधायला प्रतिध्वनिमापक आणि चुंबकमापक सुधारले होते, आणि पाणबुड्यांचं भय अजून संपलं नव्हतं. समुद्रतळ वाचला गेला तो वाचणाऱ्यांच्या उत्सुकतेनं कमी, नौदलाच्या पैशानं जास्त. ज्यांच्याकडे दगड होता त्यांच्याकडे जहाज नव्हतं. भिवंडी-कल्याणच्या खाड्यांत शिवाजी महाराजांनी १६५७ नंतर गलबतं बांधायला घेतली, तेव्हा त्यांनाही समुद्र ज्याच्या ताब्यात आहे त्याच्याकडूनच परवाने मागावे लागत होते, हे आठवतं.

आज चित्र बदललं आहे, पण पूर्ण नाही. हिंदी महासागर मोहिमेच्या पोटी १ जानेवारी १९६६ रोजी गोव्याची राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था जन्मली. ‘गवेषणी’ या तिच्या जहाजानं २६ जानेवारी १९८१ रोजी समुद्रतळावरून धातूंचे गोळे वर काढले. सप्टेंबर २०२५ मध्ये भारतानं आंतरराष्ट्रीय समुद्रतळ प्राधिकरणाशी करार करून कार्ल्सबर्ग रांगेवर शोधाचा हक्क मिळवला, दहा हजार चौरस किलोमीटरवर, पंधरा वर्षांसाठी. शोधायचे आहेत गंधकयुक्त धातूंचे साठे: तांबं, जस्त, सोनं, चांदी. (गंधक अखेर इथं भेटलं.) शोध घ्यावा, त्यात चूक काही नाही. पण ज्या डोंगरानं भूपट्टांचा सिद्धांत जगाला दिला, तिथं आपण पहिल्यांदा मोठ्या तयारीनं जातो आहोत ते धातूसाठी, हे मला खुपतं. तांबं मोजणारं जहाज पट्टेही मोजू शकतं. तशी तरतूद करारात असो वा नसो, अर्थसंकल्पात असावी.

कारण वाद संपलेला नाही, नुसता सरकून आपल्या दाराशी आला आहे. मुंबईच्या पश्चिमेला लक्ष्मी खोरं नावाचा एक खोल पट्टा आहे आणि त्याच्या पलीकडे लक्ष्मी रांग. १९९४ मध्ये गोव्याच्या भट्टाचार्य आणि सहकाऱ्यांनी या खोऱ्यातही चुंबकीय पट्टे दाखवले आणि हा खरा समुद्रतळ आहे, असं सांगितलं. इतरांचं म्हणणं, हा ताणून पातळ झालेला खंडच आहे. पहिलं मत खरं असेल तर सेशेल्स निघून जाण्याआधी एकदा आपला किनारा फाटायला लागला होता, आणि ती फाट अर्धवट सोडून देण्यात आली. दुसरं खरं असेल तर भारताची कड आपण समजतो त्याहून खूप पश्चिमेला आहे. २०१५ मध्ये ‘जॉइडेस रिझोल्यूशन’ हे जहाज तिथं गेलं. मोहिमेचे एक प्रमुख होते गोव्यातल्याच दुसऱ्या एका संस्थेतले धनंजय पांडे. गाळाचा जाड थर भेदून त्यांनी तळाचा खडक वर काढला आणि जहाज मुंबई बंदराला लागलं. खडक हातात आल्यावरही त्याच्या रसायनाचा अर्थ लावण्यात मतं वेगळीच राहिली.

मुंब्र्याच्या खिंडीतून लोकल जाते तेव्हा खिडकीतून पारसिकचे कातळ दिसतात. कसारा किंवा माळशेज घाटातले थर ठेवलेल्या फळ्यांसारखे सपाट असतात. इथले मात्र पश्चिमेला, समुद्राकडे कललेले. वज्रेश्वरीपासून पनवेलच्या पलीकडे जाणाऱ्या या वाकाची नोंद जे. बी. ऑडन यांनी १९४९ मध्ये केली. फाटताना किनारा खचला, एवढ्यावर एकमत आहे. पहिल्या फाटीत की दुसऱ्या, वाकला की भेगेवर घसरला, यावर नाही. याच टेकड्यांच्या बगलेत खडीच्या खाणी आहेत. डबर फुटतो, चाळला जातो आणि ट्रक भरून गोदामांच्या पायात जातो. एखाद्या खाणीच्या उघड्या भिंतीत काळा डाईक उभा दिसतो. लाव्हा ज्या भेगेतून वर चढला त्या भेगेचा तो ओतीव साचा, आणि त्याच्या कणांची दिशा अजून कुणी मोजलेली नसते.